इलिनॉय: फॉइड कार्ड आहे, पण पिस्तूल दुकानापासून गाडीपर्यंत नेता येत नाही? (मदत हवी आहे)

नमस्कार मंडळी,

शिकागोच्या पश्चिमेकडच्या उपनगरात राहतो. बहिणीने भरलेल्या अर्जावर पंधरा वर्षं रांगेत काढून चार वर्षांपूर्वी ग्रीनकार्डावर आलो. भावोजींच्या किराणा दुकानात माझी निम्मी भागीदारी आहे. रात्री शटर मी ओढतो आणि गल्ल्याची पिशवी घेऊन पार्किंगच्या पार टोकाला लावलेल्या गाडीपर्यंत चालत जातो. गेल्या हिवाळ्यात आमच्याच रांगेतल्या एका दुकानदाराला त्याच पार्किंगमध्ये दोघांनी लुटलं. माणूस वाचला, पण तेव्हापासून ते साठ-सत्तर पावलांचं अंतर मला फार लांब वाटतं.

म्हणून दहा डॉलर भरून फॉइड कार्ड (इलिनॉय राज्याचं बंदूकमालकाचं ओळखपत्र) काढलं. मग एक नऊ मिलिमीटरचं पिस्तूल घेतलं. पैसे दिल्यावर ७२ तास थांबावं लागतं, ते थांबलो. पिस्तूल ताब्यात देताना काउंटरवरचा म्हातारा म्हणाला, "यू ओन इट, बट यू कान्ट कॅरी इट." मी हो हो म्हणालो आणि गाडीत बसल्यावर विचार करत राहिलो की म्हणजे नक्की काय.

गोंधळ होण्याचं कारण सांगतो. सावंतवाडीकडे आमच्या वडिलांची शेतीसंरक्षणाची ठासणीची बंदूक होती. लायसन्स एकच. त्यावर बंदुकीचा नंबर. घरात ठेवा नाहीतर वानर-डुकरांमागे बागेत न्या, कागद तोच. निवडणूक आली की पोलीस ठाण्यात जमा करायची आणि निकालानंतर परत आणायची, एवढाच व्याप. इथे मालकीचं कार्ड वेगळं, अंगावर घेऊन फिरण्याचं (सीसीएल, म्हणजे कन्सील्ड कॅरी लायसन्स) वेगळं, मुदती वेगळ्या, फी वेगळी. ही दोन एकमेकांत कशी अडकलेली आहेत? सीसीएल काढलं की फॉइडची गरज संपते का? एक संपलं तर दुसरं चालू राहतं का? आणि तोवर मी पिस्तूल दुकानात नेऊ तरी शकतो का?

– रात्रपाळी

——

पिंपळपान: पिस्तुलाऐवजी गाडी दाराशी लावा आणि गल्ला दुपारीच बँकेत भरा. खर्च शून्य.

रात्रपाळी: दाराजवळच्या जागा गिऱ्हाइकांसाठी सोडतो. गल्ल्याचं मात्र बरोबर आहे, आता दुपारी चारला एकदा भरून येतो. तरी प्रश्न उरतोच.

——

जुना शिकागोकर: रात्रपाळी, पहिल्यांदा एक सांगा. पिस्तूल गाडीच्या खणात भरून ठेवून ये-जा करत नाही ना? करत असाल तर आजच थांबवा. खाली कारण येतंच.

माझं पहिलं सीसीएल २०१४ चं, त्यानंतर दोनदा नूतनीकरण झालं. वकील नाही, पण यातून गेलोय.

फॉइडचा कायदा १९६८ चा. इलिनॉयमध्ये बंदूक किंवा नुसत्या गोळ्या जवळ ठेवायच्या तरी ते कार्ड लागतं. मुदत दहा वर्षं. त्याने मिळतं काय? तुमचं घर, तुमची जमीन आणि तुमची कायमची धंद्याची जागा, एवढ्या ठिकाणी भरलेलं पिस्तूल ठेवता येतं. तुम्ही भागीदार आहात, त्यामुळे दुकान त्यात बसतं. नोकर असतात तर मी इतक्या सहज हो म्हटलं नसतं.

आता नकाशा डोळ्यांपुढे आणा. घर एक बेट, दुकान दुसरं बेट. मधलं सगळं पाणी: ड्राइव्हवेच्या पुढचा रस्ता, सिग्नल, पार्किंग. या पाण्यातून फॉइडवाल्याने पिस्तूल न्यायचं ते रिकामं करून, बंद केसमध्ये. भरलेलं आणि हाताशी असलेलं नेलं तर तो परवान्याशिवाय हत्यार वागवण्याचा गुन्हा, आणि तो साधा दंडावर सुटणारा नव्हे, फेलनी आहे. इलिनॉयच्या सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये गाडीच्या दोन सीटांमधला झाकणाचा कप्पासुद्धा 'केस' धरला होता. पण रात्री अकराला टॉर्च मारणाऱ्या शिपायाला तो निकाल समजावत बसायची माझी तरी तयारी नाही. साधी कुलुपाची केस घ्या. मी गोळ्याही वेगळ्या पिशवीत ठेवायचो.

तुम्हाला हवी आहेत ती साठ-सत्तर पावलं नेमकी पाण्यातली. तिथे पिस्तूल अंगावर हवं असेल तर सीसीएलच.

सीसीएलचा इतिहासही गमतीचा आहे. देशात सगळ्यात शेवटी हा परवाना देणारं राज्य आपलंच. डिसेंबर २०१२ मध्ये सेव्हन्थ सर्किट कोर्टाने (केंद्राचं अपील न्यायालय) हत्यार अंगावर वागवण्यावरची सरसकट बंदी घटनाबाह्य ठरवली, मग विधिमंडळाने गव्हर्नर क्विन यांनी सुचवलेले बदल झुगारून ९ जुलै २०१३ ला कायदा केला. नाइलाजाने केलेला कायदा असल्याने अटींची शेपटी लांब आहे.

आता दोघांचं नातं. सीसीएल फॉइडच्या खांद्यावर बसलेलं आहे. अर्ज करतानाच चालू फॉइड लागतं आणि पुढेही फॉइडच्या सगळ्या अटी पाळाव्या लागतात. फॉइड रद्द झालं की सीसीएल त्याच्याबरोबर जातं. नुसतं जात नाही, ४८ तासांत कार्ड जमा करून घरातली हत्यारं कुणाच्या ताब्यात दिली ते लिहून द्यावं लागतं. उलट दिशेने मात्र तसं नाही. समजा पाच वर्षांत दारू पिऊन गाडी चालवण्याच्या दोन केसेस झाल्या, तर सीसीएल गेलं, तेवढ्याने फॉइड जाईलच असं नाही. म्हणजे घरात ठेवा, बाहेर नेऊ नका. सीसीएल न काढता जन्मभर नुसतं फॉइड ठेवणारेही पुष्कळ आहेत.

मुदतींचा घोळ पूर्वी खरंच होता. सीसीएल पाच वर्षं आणि फॉइड दहा, त्यामुळे मधेच खालचं कार्ड संपून वरचं लटकायचं. २०२२ पासून सुधारणा झाली: सीसीएल चालू आहे तोवर फॉइडची मुदत संपत नाही, आणि दोन्ही एकाच कार्डावर येऊ शकतात. त्यामुळे 'फॉइडची गरज संपते का' याचं उत्तर: प्लास्टिक एक झालं, परवाने दोनच आहेत.

——

रात्रपाळी: बेटांचं आता डोक्यात बसलं. (खणात ठेवत होतो. दोन आठवडे. आता केस आणली.) सीसीएलचा खर्च आणि वर्ग किती कठीण असतो? आणि माझ्याकडे नागरिकत्व नाही, ते चालतं?

जुना शिकागोकर: ग्रीनकार्ड चालतं. आणि त्या दोन आठवड्यांबद्दल इथे परत लिहू नका. नागरिकाला हत्याराच्या गुन्ह्यात शिक्षा होते, ग्रीनकार्डवाल्याला शिक्षा होऊन वर देशाबाहेर काढायचं कारण मिळतं.

राज्यात राहणाऱ्याला फी १५० डॉलर, वर्गाची वेगळी. प्रशिक्षण १६ तासांचं. साधारण शनिवार-रविवारी उरकतात. त्यातला बराच भाग कायद्याचा, आणि तोच खरा कामाचा. शेवटी रेंजवर ३० गोळ्या: पाच, सात आणि दहा यार्डांवरून दहा-दहा. त्यातल्या २१ लागल्या की पास. माणसाएवढं कागदी लक्ष्य असतं, त्यामुळे घाबरायचं कारण नाही. आमच्या बॅचमध्ये एक आजी होत्या, ७० च्या पुढच्या. त्यांच्या २९ लागल्या, माझ्या २४.

बोटांचे ठसे ऐच्छिक आहेत. दिले तर ९० दिवसांत निर्णय द्यायचा असतो, नाही दिले तर आणखी ३० दिवस. मी दिले. नूतनीकरणाला फक्त तीन तासांचा वर्ग.

——

ओवी: एक जोडते, कारण आमच्या घरी यावरून कडाक्याचं भांडण झालं होतं. परवाना हातात आल्यावर पहिला धक्का बसतो तो 'कुठे चालत नाही' या यादीचा. शाळा, पाळणाघरं, सरकारी इमारती, कोर्ट, हॉस्पिटलं, ग्रंथालयं, सार्वजनिक बागा, कॉलेजं, स्टेडियम, कसिनो. मेट्रा आणि सीटीए (उपनगरी गाड्या आणि शिकागोच्या बस-ट्रेन) सुद्धा, म्हणजे ट्रेनने कामावर जाणाऱ्याला सीसीएल असून नसल्यासारखं. शिवाय कुठलाही दुकानदार दारावर चार बाय सहा इंचाची पिस्तुलावर काट मारलेली पाटी लावून तुम्हाला बाहेर ठेवू शकतो. रात्रपाळी, तुमच्या दुकानाच्या दारावर ती नाही ना? आधी बघा!

आणि आपल्या लोकांची खास अडचण: गणपतीचा कार्यक्रम आणि रविवारची मराठी शाळा बहुतेक भाड्याच्या शाळेच्या इमारतीत. माझा नवरा थेट दुकानातून, पिस्तूल अंगावर असतानाच, झांजा वाजवायला यायचा. मला कळलं तेव्हा मी दारातच अडवलं. पार्किंगमध्ये गाडीत, कुलूपबंद, बाहेरून दिसणार नाही असं ठेवायला कायदा परवानगी देतो. आता तो तसंच करतो. तरी मला वाटतं, आरतीला येणार आहे माहीत असताना ते घरी ठेवायला काय होतं?

जुना शिकागोकर: ओवीताई, शंभर टक्के. आणि उघड्यावर कमरेला लावून फिरणं इथे परवान्यावरही चालत नाही, नावातच 'कन्सील्ड' आहे. पोलिसाने थांबवून विचारलं तर लपवायचं नाही. हात स्टिअरिंगवर ठेवून 'परवाना आहे, पिस्तूल अमुक ठिकाणी आहे' एवढं सांगायचं. शेजारच्या इंडियानात २०२२ च्या जुलैपासून परवान्याशिवायही वागवता येतं, पण तिकडची सवय राज्याची हद्द ओलांडून इकडे आणू नका.

——

रात्रपाळी: शेवटचा प्रश्न. माझं लग्न ग्रीनकार्डानंतर झालं. बायको एच-वन-बीवर आहे. तिलाही फॉइड काढून द्यावं म्हणतो, म्हणजे घरात एकटी असताना...

ओवी: थांबा! नाही मिळणार.

जुना शिकागोकर: ओवीताईंनी बरोबर सांगितलं. बिगर-स्थलांतरित व्हिसावर आलेल्याला बंदूक किंवा गोळी जवळ ठेवायला केंद्राच्या कायद्यानेच बंदी आहे. एक ठळक अपवाद चालू शिकार परवान्याचा. काही जण तो काढून वाट शोधतात, पण पुढे नागरिकत्वापर्यंतचा प्रवास बाकी असलेल्या माणसाने हे वकिलाला विचारल्याशिवाय करू नये. त्या अपवादाशिवाय रेंजवर भाड्याचं पिस्तूल हातात घेणंही 'जवळ ठेवणं'च धरतात, त्यामुळे 'चल, तुला शिकवतो' असं म्हणून नेऊ नका.

घरात पिस्तूल तुमच्या सेफमध्ये ठेवा आणि नंबर तुमच्याच डोक्यात. लग्नाची तारीख ठेवू नका, ती तिला माहीत आहे. आणि ती जी गाडी चालवते त्यात केस विसरू नका. ही शक्यता कुणाच्या लक्षात येत नाही. सकाळी घाईत ती तुमची गाडी घेऊन गेली, मागे तुमची केस, आणि किल्लीही त्याच जुडग्यात.

आणखी एक: गांजा राज्यात २०२० पासून कायदेशीर असला तरी बंदूक घेताना भरायचा फॉर्म केंद्राचा असतो, आणि त्यात तो प्रश्न आहे. तुम्ही घेत असाल असं नाही, पण धागा इतरही वाचतात.

रात्रपाळी: किल्ल्यांचं जुडगं एकच आहे. आज वेगळं करतो. सेफचा नंबरही बदलतो (हो, तीच तारीख होती).

वर्गाचं पुढच्या महिन्यातल्या शनिवार-रविवारचं बुकिंग केलं, भावोजी दुकान बघतील. तोवर साडेनऊला भाचा दारात उभा राहतो आणि मी गाडी दाराशी आणतो. पिंपळपान, तुमचंच ऐकलं शेवटी.

अर्जाचा नमुना बघितला. गेल्या दहा वर्षांत ३० दिवसांहून जास्त जिथे राहिलो ते सगळे पत्ते मागितलेत. म्हणजे पुण्याचेही आले. कर्वेनगरला कॉट बेसिसवर राहायचो, काकूंच्या वाड्यात, जिन्याखालची खोली. तिला घर नंबर होता का तेच आठवत नाहीये. टपाल 'काकूंच्या घरी' एवढ्यावर यायचं. तिथे काय लिहायचं?

ओवी: काकूंना फोन करा. विजेच्या बिलावर असेल.