मनाईहुकूम असूनही पोलीस बंदोबस्त मिळेना – मदत हवी आहे

नमस्कार. देवगड तालुक्यातील आमच्या वडिलोपार्जित आंबा कलमांच्या बागेबाबत दिवाणी न्यायालयाने दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 39, नियम 1 व 2 अन्वये तात्पुरता मनाईहुकूम दिलेला असतानाही शेजाऱ्यांनी गडग्याचे (दगडी कुंपणाचे) चिरे काढून बेड्याला (फाटकाला) स्वतःचे कुलूप लावले. पोलिसांना हुकुमाची सहीशिक्क्याची नक्कल दाखवली, तर ‘बाब दिवाणी आहे’ एवढेच उत्तर मिळाले. सातबारा तर कोणी उघडूनही पाहिला नाही. हुकूमभंगासाठी त्याच आदेशाच्या नियम 2अ खाली अर्ज करता येतो, पण त्यातून जप्ती किंवा कैद होईपर्यंत आंबा उतरून जाईल. म्हणून याच संहितेच्या कलम 151 (न्यायालयाचे अंगभूत अधिकार) खाली त्याच न्यायालयाकडे पोलीस संरक्षण मागावे, की उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे रिट याचिका करावी? असा अर्ज केलेल्यांनी कृपया अनुभव कळवावा. बंदोबस्ताचे शुल्क कोणी भरले, हेही सांगावे.