'वीजचोरी' आणि 'अनधिकृत वीजवापर' एकच का?

प्रश्न :
थोरल्या भावाच्या घरी पुढच्या खोलीत वहिनी शिलाईची तीन मशिनं चालवतात. मीटर घरगुती आहे. गेल्या आठवड्यात भरारी पथक पंचनामा करून गेलं आणि काल नोटीस आली : 'कलम १२६ अन्वये अनधिकृत वापराबाबत तात्पुरते निर्धारण'. गल्लीत मात्र 'चोरी पकडली' असंच चाललंय. वहिनी दोन दिवस धड जेवल्या नाहीत. हे दोन शब्द एकच का? आणि 'निर्धारण' म्हणजे दंडच ना?

उत्तर :
एक नाहीत. हे वहिनींना आधी सांगा, बाकीचं सावकाश वाचा.

विद्युत अधिनियम, २००३ मध्ये चोरी कलम १३५ मध्ये आहे आणि अनधिकृत वापर १२६ मध्ये. गावाकडे आपण 'आकडा टाकला' म्हणतो, म्हणजे वाकवलेली तार काठीने खांबावरच्या उघड्या तारेला अडकवली, ती चोरी. तिथे फौजदारी खटला, विशेष न्यायालय, तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. १२६ मध्ये ज्या कारणासाठी जोडणी घेतली त्याहून वेगळ्या कारणासाठी वीज वापरली, किंवा एका जागेची वीज दुसऱ्या जागेत नेली, असे प्रकार येतात.

गोंधळ होतो कारण वेगळ्या कारणासाठीचा वापर १३५ मध्येही लिहिलेला आहे. फरक एका शब्दाचा : 'अप्रामाणिकपणे'. तो १३५ च्या सुरुवातीलाच आहे, १२६ मध्ये नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये ओडिशातल्या सीताराम राइस मिलच्या प्रकरणात हेच स्पष्ट केलं. त्या भात गिरणीने करारापेक्षा जास्त भार घेतला होता. कोर्टाने तो अनधिकृत वापर ठरवला, म्हणजे गिरणी हरली; पण १२६ ला वाईट हेतू लागत नाही आणि १३५ ला लागतो, ही रेघ तिथे ओढली गेली. तुमच्या नोटिशीत १२६ आहे. 'चोरी' हा शब्द गल्लीचा आहे, नोटिशीचा नाही.

आता 'दंड'. कायद्याच्या मराठीत फौजदारी शिक्षेतल्या पैशाला 'द्रव्यदंड' म्हणतात आणि नियमभंगाच्या वसुलीला 'शास्ती' (पिंपरी-चिंचवडकरांना अनधिकृत बांधकामांवर लावलेल्या शास्तीकरामुळे हा शब्द चांगलाच पाठ आहे). 'निर्धारण' या दोन्हींहून वेगळं : वीज किती वापरली असेल आणि तिचे किती पैसे होतात, हे ठरवणं. शेतसाऱ्याच्या 'आकारणी'च्या घरातलाच हा शब्द. वीजबिलावर 'स्थिर आकार', 'वहन आकार' छापलेलं असतं, तोच आकार. मात्र १२६ मध्ये लागू दराच्या दुप्पट धरतात, म्हणून माणसाला तो दंडच वाटतो. तसं वाटण्यात चूक नाही, पण अर्जात तसं लिहू नका.

'तात्पुरते' हा शब्द मला सगळ्यात मोलाचा वाटतो. हा अंतिम आदेश नव्हे. हरकत घेता येते, सुनावणी मागता येते. अनधिकृत वापर कधीपासून, हे ठरवताच येत नसेल तर तपासणीच्या आधीचे फक्त बारा महिने धरता येतात. नोटिशीत किती महिने धरलेत ते मोजा. अंतिम आदेश पटला नाही तर कलम १२७ खाली तीस दिवसांत अपील, पण निम्मी रक्कम आधी भरावी लागते. ग्राहक आयोगात (पूर्वीच्या ग्राहक मंचात) जाऊ नका, १२६ च्या निर्धारणावरची तक्रार तिथे चालत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्येच सांगितलंय.

आणखी एक प्रतिसाद :
वरच्या उत्तरात भर. 'घरगुती' या शब्दाकडेही बघा. महाराष्ट्र विद्युत नियामक आयोगाच्या दरआदेशांत, राहत्या घराच्या काही भागात व्यवसाय असेल आणि वापर महिन्याला ३०० युनिटपर्यंत व आधीच्या आर्थिक वर्षात ३६०० युनिटपर्यंत असेल, तर घरगुतीच दर लावण्याची तरतूद आहे. सध्या लागू असलेला आदेश काढून ती ओळ वाचा आणि वर्षभराची बिलं शेजारी ठेवा. वापर त्यात बसत असेल तर 'अनधिकृत' हा शब्दच टिकत नाही. मग रकमेवर घासाघीस कशाला, मूळ मुद्द्यावरच हरकत घ्या.

आणि 'तडजोड' शब्द कुणी सुचवला तर थांबा. कलम १५२ ची तडजोड चोरीच्या गुन्ह्याची असते, किलोवॅटमागे पैसे भरून. जो गुन्हा तुमच्यावर ठेवलेलाच नाही, त्याची तडजोड करायची नसते.

प्रश्नकर्ता :
दोघांचे मनापासून आभार. बिलं काढली. सगळ्यात जास्त महिना मे, २१८ युनिट. वर्षाची बेरीज २,१४०. वहिनींनी अर्जाचा मसुदा पुन्हा लिहायला घेतला; पहिल्या ओळीत 'दंड माफ करावा' होतं, ते खोडून त्यांनी स्वतःच्या अक्षरात 'तात्पुरत्या निर्धारणास हरकत' लिहिलं. सोमवारी देतो आणि आवक शिक्क्याची प्रत घेऊन येतो.