दिबा : विमानतळाच्या पाटीआधीचे

इथे एकांनी लिहिलंय की दि. बा. पाटील (दिबा) हे नाव नवी मुंबई विमानतळाच्या नावाच्या वादामुळेच माहीत झालं. पनवेल-उरणकडे हे कुणी म्हणालं तर जुनी माणसं चिडतील.

दिबा मूळचे उरण तालुक्यातल्या जासईचे, पेशाने वकील. १९५७ साली शेतकरी कामगार पक्षाकडून (शेकाप) पनवेलचे आमदार झाले आणि पुढे एकूण पाच वेळा निवडून आले. विधानसभेत विरोधी पक्षनेते होते, कुलाब्यातून (म्हणजे आजच्या रायगडातून) खासदारही. पदांची यादी एवढी पुरे.

खरं काम सिडको (नवी मुंबई वसवणारं सरकारी महामंडळ) आल्यावरचं. १९७० पासून ९५ गावांची भातशेती आणि मिठागरं नव्या मुंबईसाठी घ्यायला सुरुवात झाली. मोबदला एकदा हातात पडला की संपला, ही अडचण. जानेवारी १९८४ च्या आंदोलनात पोलिसांच्या गोळीबारात पाच शेतकरी गेले. त्या लढ्यातून साडेबारा टक्के आलं, म्हणजे घेतलेल्या जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड शेतकऱ्याला परत.

हा आकडा सगळे घोकतात, हिशोब थोडेच करतात. एकर म्हणजे ४० गुंठे, त्याचे साडेबारा टक्के म्हणजे ५ गुंठे विकसित भूखंड. त्यातले ३० टक्के सामाजिक सुविधांसाठी कापले की हातात साडेतीन गुंठे. कमीच की! पण शेतकरी निदान पुन्हा जमीनवाला तरी झाला. (तो भूखंड पुढे बिल्डरला कुणी विकला, तो वेगळा धागा होईल.)

त्यांची विधानसभेतली भाषणं कुणी वाचली असतील तर इथे जरूर लिहा.