‘अ‍ॅक्सेंट’ला ‘हेल’ म्हणावे का? इन्ग्रिड बर्गमनच्या निमित्ताने

‘तिच्या इंग्रजीला स्वीडिश हेल होता’ असे वाक्य मी स्वीडिश अभिनेत्री इन्ग्रिड बर्गमनवरील टिपणात लिहिले, तेव्हा एका स्नेह्यांनी शंका काढली की, ‘हेल’ मालवणी किंवा वऱ्हाडी बोलण्याला शोभतो, पण ‘अ‍ॅक्सेंट’चा प्रतिशब्द म्हणून तो चालेल का? शंका रास्त आहे.

‘हेल’ म्हणजे बोलताना स्वर लांबवण्याची आणि आवाज चढवण्या-उतरवण्याची रीत. ‘खंय चल्लंस गोऽऽ?’ या प्रश्नात शेवटचा ओकार जो लांबतो, तो हेल. म्हणून तर आपण हेल ‘काढतो’. (ओझी वाहणाऱ्या हेलकऱ्यातला हेल निराळा.) गंमत अशी की स्वीडिशला हा शब्द इंग्रजीपेक्षाही चपखल बसतो, कारण त्या भाषेत सुरावरून अर्थ बदलतो: ‘आन्देन’ एका सुरात म्हटले तर ‘ते बदक’ आणि दुसऱ्या सुरात म्हटले तर ‘तो आत्मा’. मात्र स्वीडिशमध्ये ‘झाड’मधल्या ‘झ’सारखा घोष ध्वनी नाही, त्यामुळे स्वीडिश माणसाच्या इंग्रजीत त्या जागी ‘स’ ऐकू येतो. ‘अ‍ॅक्सेंट’मध्ये हेही येते, पण याला हेल म्हणता येणार नाही. तेथे ‘उच्चारांवर स्वीडिशची छाप’ असेच लिहावे. ‘लकब’ तर मुळीच नको. ती हातवाऱ्यांचीही असते.

१९३९ साली ‘इंटरमेझो’साठी हॉलिवूडमध्ये आलेल्या बर्गमनचे परकेपण तेथील निर्मात्यांनी लपवण्याऐवजी भूमिकांतच मुरवले. ‘कॅसाब्लांका’तील (१९४२) इल्सा नॉर्वेची, ‘फॉर हूम द बेल टोल्स’मधील (१९४३) मारिया स्पेनची आणि ‘नटोरियस’मधील (१९४६) अलिशिया जर्मन बापाची मुलगी; बोलणारी मात्र तीच स्टॉकहोमची. पुढे इटालियन दिग्दर्शक रोसेलिनीच्या ‘स्ट्रॉम्बोली’त (१९५०) ती लिथुआनियाची निर्वासित झाली, आणि दिग्दर्शक रन्वारच्या फ्रेंच चित्रपटात (१९५६) पोलंडची राजकन्या! कोणत्याही देशात गेली तरी पाहुणीच, असा हा प्रकार. ‘मर्डर ऑन द ओरिएंट एक्सप्रेस’मध्ये (१९७४) तिच्या वाट्याला अखेर स्वीडिश बाईच आली. तेथे तिने आपले सरावलेले इंग्रजी मुद्दाम मोडके केले आणि चौकशीच्या लांबलचक, जवळजवळ अखंड चित्रित केलेल्या प्रसंगात अडखळत, शब्द शोधत ती बोलत राहिली. तिसरे ऑस्कर तिला याच भूमिकेसाठी मिळाले. या अडखळण्यालाही काही जण हेल म्हणतील. माझ्या मते तो अभिनय आहे, हेल नव्हे.

राहता राहिला ‘ऑटम सोनाटा’ (१९७८). इन्ग्मार बर्गमनच्या (आडनाव एक, नाते नाही) या चित्रपटात ती पुन्हा स्वीडिश बोलते. सूर तोच असूनही तेथे कोणत्याही स्वीडिश प्रेक्षकाला तो हेल वाटणार नाही, कारण हेल नेहमी दुसऱ्याच्या कानाला लागतो. मालवणी माणसालाही हेल आमच्या पुणेरी बोलण्यातच ऐकू येतो. म्हणून टिपणातील हॉलिवूडच्या परिच्छेदात मी ‘हेल’ कायम ठेवला आहे आणि ‘ऑटम सोनाटा’च्या परिच्छेदातून काढून टाकला आहे.