मदत हवी आहे: एमएसवरचं पुस्तक, पण मुंबईच्या उकाड्यात उपयोगी पडणारं

मल्टिपल स्क्लेरोसिस (एमएस, म्हणजे मेंदू आणि मज्जारज्जूचा आजार) असताना रोजचं जगणं सांभाळण्यावर, दमट हवेचा विचार केलेलं पुस्तक कुणाला माहीत आहे का? मराठीत असेल तर उत्तमच. पाण्यात भिजवून घालायचं कूलिंग जॅकेट बाष्पीभवनावर चालतं. मे महिन्यात इथे ते वाळतच नाही, नुसतं ओझं. बर्फाच्या पिशव्यांचंच हवं. या आजारात शरीराचं तापमान अर्ध्या अंशानं वाढलं तरी नजर धूसर होऊ शकते, पाय जड पडतात; अंग थंड झालं की ओसरतं. पण ताप-संसर्ग नसताना नवा त्रास 24 तासांहून जास्त टिकला तर रिलॅप्सची, म्हणजे आजार पुन्हा उसळल्याची, शंका घ्यायची. हा फरक नीट समजावलेला हवा. थकवा, लघवीच्या तक्रारीही असाव्यात. आहारानं मुळापासून बरं करणारी पुस्तकं कृपया सुचवू नका! दादर-गिरगावात कुठे मिळेल तेही सांगा.