‘जटिलता’ नेमकी कशाची?

प्रश्न: टाइम कॉम्प्लेक्सिटीला, म्हणजे प्रोग्रामला लागणाऱ्या वेळेच्या मापाला, मराठीत ‘काल-जटिलता’ म्हणतात. पण संख्या क्रमाने लावायच्या ‘बबल सॉर्ट’ या पद्धतीचा कोड जेमतेम पाच-सहा ओळींचा. शेजारच्या दोन संख्या बघा, उलट्या असतील तर अदलाबदल करा, यादी लागेपर्यंत हेच परत परत, संपलं. यादीचे तुकडे करून, ते लावून परत जोडणारा मर्ज सॉर्ट समजायला मला दोन दिवस लागले. तरी जटिलता जास्त कुणाची, तर बबल सॉर्टची! शब्द चुकतोय की मी?

प्रतिसाद १: शब्दच. जटिल म्हणजे जटेसारखं गुंतलेलं. इथे गुंता मोजायचाच नाहीये, मोजायचं आहे काम. 1,000 संख्या असल्या तर साध्या बबल सॉर्टला 4,99,500 तुलना कराव्या लागतात, मर्ज सॉर्टचं 9,000च्या आत भागतं. आता संख्या दुप्पट करा. पहिल्याचं काम चौपट होतं, दुसऱ्याचं दुपटीहून थोडंसं जास्त. ‘बिग ओ’ ही जटिलता लिहायची खूण सांगते ते हे, की यादी वाढली की काम कसं वाढतं. मी तरी ‘कामाची वाढ’ म्हणतो.

प्रतिसाद २: सॉर्टिंगला ‘वर्गीकरण’ म्हणणाऱ्यांचंही काहीतरी करा. बदाम-इस्पिक वेगळे काढले तर वर्गीकरण. दुर्री, तिर्री, चौकी अशी पानं हातात लावली तर क्रमवारी. पानं लावतो ती रीत म्हणजे इन्सर्शन सॉर्टच: नवं पान उचललं, जागा शोधली, खोचलं. 1,000 संख्या आधीच क्रमाने आल्या तर त्याला 999 तुलना पुरतात, उलट्या क्रमाने आल्या तर तोही 4,99,500वर जातो. म्हणून नुसतं ‘कार्यक्षम’ म्हणून भागत नाही, कुठल्या यादीवर तेही सांगावं लागतं. संगणकशास्त्रज्ञ टोनी होअरने 1961 साली प्रसिद्ध केलेल्या पद्धतीचं नाव क्विकसॉर्ट, पण पिव्होट (ज्या संख्येच्या मानाने लहान-मोठे गट पाडतात ती) दर वेळी टोकाचा निघाला तर तीही बबल सॉर्टच्याच पंगतीला.

प्रश्नकर्ता: मग ‘कालवाढ’ म्हणू?

प्रतिसाद १: नको, मुदतवाढ मिळाल्यासारखं वाटतं.

प्रतिसाद ३: ‘कामाची वाढ’ मला पटतं, पण स्पेस कॉम्प्लेक्सिटीचं काय? तिथे काम नाही, मेमरी वाढते.

प्रतिसाद १: ‘जागेची वाढ’ म्हणा. नेहमीच्या मर्ज सॉर्टला दोन तुकडे जोडताना मूळ यादीएवढी वेगळी जागा लागते, बबल सॉर्टला अदलाबदलीपुरती एक.

प्रश्नकर्ता: म्हणजे जागेच्या बाबतीत बबल सॉर्ट जिंकला. बिचाऱ्याला कुठेतरी यश आलं.