प्लेसमेंट मॅचला मराठीत काय म्हणावं? पात्रता, चाचणी, कस...

खामला_चौक
मंडळी, एका मोबाईल गेमचं मराठी करून राहिलो. इथलेच दोन-तीन पोट्टे मिळून बनवून राहिले, बाकी सगळं निघालं पण एका बटणावर अडलं आहे. नवा खेळाडू रँक्डमध्ये, म्हणजे दर्जा ठरवणाऱ्या मॅचेसमध्ये, आला की त्याला आधी ५ प्लेसमेंट मॅचेस खेळाव्या लागतात, त्या झाल्या की त्याची पहिली रँक दिसते. टीमच्या कच्च्या यादीत त्याला 'पात्रता सामने' लिहिलेलं होतं. माझा चुलतभाऊ व्हॅलोरंट खेळतो, तो वाचल्याबरोबर म्हणाला की दादा पात्रता म्हणजे हरलो की बाहेर, इथं तर पाचही हरलो तरी रँक भेटतेच, खालची भेटते. मला त्याचं म्हणणं पटलं. पण मग शब्द काय? बटणावर जागा फार कमी आहे, 'स्थाननिश्चिती सामने' बसत नाही, बघून झालं.

रेशीमबाग_०७
प्लेसमेंटच ठेव ना भाऊ. कोण वाचणार आहे? खेळणारे पोट्टेच ना. त्यांना प्लेसमेंट समजते.

महालकर
खेळणाऱ्यांना समजतं म्हणून ठेवा, हा न्याय लावला असता तर मराठीत साखळी सामना, बाद फेरी, उपांत्य फेरी, बरोबरी, यातलं काहीच आलं नसतं. हे शब्द क्रीडा पानांवर लिहिणाऱ्यांनी रोज वापरून रुळवले, आणि आज पानठेल्यावर उभा असलेला माणूसही 'उपांत्य फेरीत गेले' असं सहज बोलतो. तेव्हाही कोणीतरी म्हणालंच असेल की सेमीफायनल सगळ्यांना समजतं.

'पात्रता' चूक हे मान्य. 'स्थान' सुद्धा चूक आहे असं मी म्हणेन. स्थान म्हणजे यादीतला क्रम, पहिला दुसरा तिसरा. गेममधली सिल्व्हर किंवा गोल्ड रँक हे स्थान नाही, ती प्रत आहे. म्हणून 'प्रतवारी'. कळमन्याच्या मार्केटात संत्र्याची प्रतवारी होते, शब्द सगळ्यांच्या तोंडात आहे, आणि लहान आहे.

धरमपेठ_गल्ली
काका, व्हीएनआयटीत इंजिनिअरिंग शिकणारा मुलगा घरी 'माझं प्लेसमेंट झालं' म्हणाला तर नोकरी लागली म्हणून आई पेढे आणते, त्यामुळे प्लेसमेंट ठेवायला माझाही विरोध. पण प्रतवारी नको. संत्रं काही करत नाही, त्याला बघून बाजूला काढतात. इथं खेळाडू खेळतो आणि त्यातून ठरतं.

अंबाझरी_काठ
शब्दाआधी ते नेमकं काय असतं ते बघू या का, कारण प्लेसमेंट म्हणजे 'पाच मॅचमध्ये किती जिंकला त्यावरून रँक' असं समजून सगळे बोलून राहिलेत आणि तसं नसतं. माझी मुलगी बुद्धिबळ खेळते म्हणून मला हे गणित शिकावं लागलं.

असे बरेच गेम प्रत्येक खेळाडूबद्दल आत दोन आकडे ठेवतात. एक, हा किती चांगला खेळतो याचा अंदाज. दोन, त्या अंदाजावर किती भरवसा ठेवायचा. बुद्धिबळाच्या जुन्या एलो पद्धतीत (जागतिक बुद्धिबळ संघटनेनं, फिडेनं, ती १९७० मध्ये घेतली) फक्त पहिला आकडा होता. दुसरा आकडा मार्क ग्लिकमन यांच्या ग्लिको पद्धतीत आला, १९९५ मध्ये. त्यात नवीन माणसाला १५०० देतात आणि सोबत ३५० चं विचलन, म्हणजे खरी ताकद साधारण ८०० ते २२०० च्या मधात कुठेही असू शकते असं सिस्टम कबूलच करते. आता या नव्या माणसानं १५०० च्याच एका मुरलेल्या खेळाडूला हरवलं, ज्याचं विचलन ५० आहे, तर नव्याचे गुण एका डावात साधारण १७५ नं वाढतात. तीच मॅच विचलन ५० वाल्या जुन्या खेळाडूनं जिंकली असती तर त्याला भेटले असते ७. एकशे पंच्याहत्तर आणि सात! आणि नव्याचं विचलन एकाच डावात ३५० वरून २५० च्या आसपास येतं.

म्हणजे या मॅचेस वेगळ्या नसतातच. नेहमीच्याच मॅचेस, फक्त सिस्टमला तुमची ओळख नाही म्हणून प्रत्येक निकालाचं वजन मोठं. जो शब्द कराल त्यात 'अजून ओळख पटलेली नाही' हे आलं पाहिजे, 'जागा दिली' हे नाही.

रेशीमबाग_०७
ताई एकदम बरोबर. म्हणूनच ५ जिंकूनही कोणाला सिल्व्हर येते आणि ३ जिंकणाऱ्याला गोल्ड. कोणाशी खेळला ते मोजते ना सिस्टम. आणि कोणी आधी अनरेटेड, म्हणजे बिनरँकच्या मॅचेस, भरपूर खेळला असेल तर आतला आकडा तिथूनच थोडा बनलेला असतो, प्लेसमेंट कोरी पाटी नसतेच. पोट्टे उगाच रडतात की माझ्यावर अन्याय झाला.

आणि 'सामने' हा शब्दही सगळीकडे बसत नाही बरं. काउंटर-स्ट्राइक २ या गेमच्या प्रीमियर नावाच्या रँक्ड प्रकारात १० मॅचेस नाही, १० मॅचेस *जिंकायच्या* असतात रेटिंग दिसायला. ओव्हरवॉचमध्ये २०२४ पासून पुन्हा १० प्लेसमेंट आल्या आणि तिथं प्रत्येक मॅचनंतर अंदाजे कुठं बसून राहिलो ते दाखवतात. प्रत्येक गेमचं वेगळं.

इतवारी_सराफा
मग तर शब्द समोरच आहे. कस. आमच्या घरी तीन पिढ्या सोन्याचं काम, आजोबा काळ्या दगडावर दागिना घासायचे, रेघ उठायची, शेजारी माहीत असलेल्या सोन्याची रेघ ओढायचे आणि दोन्ही रेघांवर तेजाब लावून पाहायचे. एकट्या रेघेवरून काही कळत नाही, ओळखीच्या रेघेशेजारी ठेवली की कळतं. ताईंनी सांगितलं ते हेच, नवा खेळाडू ओळखीच्या खेळाडूशेजारी घासायचा. 'कस लावणे' म्हणतो आम्ही.

महालकर
आणि व्युत्पत्तीही त्याच्या बाजूनं उभी आहे. संस्कृत कष् म्हणजे घासणे, त्यावरून कष, निकष, आपल्याकडे कस, कसोटी. निकष म्हणजे मुळात कसोटीचा दगड, आज आपण 'निवडीचे निकष' म्हणतो तेव्हा दगड विसरलेलो असतो. प्रतवारी मी मागे घेत नाही, पण कस उत्तम आहे. खरं तर 'कसोटी सामने' हाच अचूक शब्द झाला असता.

धरमपेठ_गल्ली
पण तो क्रिकेटनं घेऊन टाकला ना. 'तुमचे ५ पैकी ३ कसोटी सामने झाले' असं बटणावर वाचलं तर जामठ्याचं स्टेडियम डोळ्यासमोर येईल.

महालकर
क्रिकेटनंही तो भाषांतरानंच घेतला, टेस्टचं कसोटी. एका शब्दाला दोन खेळ चालत नाहीत का? 'डाव' क्रिकेटलाही आहे, कुस्तीलाही आणि पत्त्यांनाही.

सदर_बझार
कस, निकष वगैरे वाचायला छान आहे पण कोणताही १६ वर्षांचा मुलगा 'माझा कस लागला' म्हणणार नाही. 'कस लागला' म्हणजे दमछाक झाली असाच अर्थ घेतो आज माणूस. भाषा बोलणाऱ्यांकडून घ्या. माझ्या शेजारचे पोट्टे काय म्हणतात सांगू? "रँक लागली का बे?" बस. नंबर लागतो, निकाल लागतो, वर्णी लागते, तशी रँक लागते. मराठीनं ते 'लागणे'मध्ये आधीच सोडवलेलं आहे, आपण नाम शोधत बसलोय. बटणावर लिहा 'रँक लागायला २ मॅच बाकी'.

अंबाझरी_काठ
हे मला खरंच आवडलं. किती जिंकल्या, किती खेळल्या, हा घोळही मिटतो त्यात, 'रँक लागायला २ विजय बाकी' असंही लिहिता येतं.

खामला_चौक
सदर_बझार, हे छान आहे, लांबी बघतो. पण मला मेनूत शीर्षक पण पाहिजे, तिथं क्रियापद चालत नाही, नामच लागते. आणि दुसरी एक ओळ आहे, प्लेसमेंट चालू असताना जी रँक दिसते तिला काय म्हणू? 'तात्पुरती' लिहिलं तर लोकांना वाटते की नंतर काढून घेणार.

रेशीमबाग_०७
कच्ची रँक. कच्चं लायसन्स, पक्कं लायसन्स म्हणतोच ना आपण.

गोधनी_नाका
कच्ची वरून आठवलं, लहानपणी खेळताना धाकट्या भावाला घ्यायचं म्हणजे तो कच्चा निंबू. आऊट झाला तरी आऊट नाही. प्लेसमेंटवाला तसाच ना?

सदर_बझार
उलट. कच्च्या लिंबाचं काही मोजत नाहीत, आणि प्लेसमेंटवाल्याचं तर सगळ्यांत जास्त मोजतात, वर ताईंनीच सांगितलं, १७५.

अंबाझरी_काठ
थांबा, गोधनी_नाका म्हणतात त्यात तथ्य आहे, आणि हे मला फार सुंदर वाटतं म्हणून सविस्तर लिहिते. १७५ हे नव्याच्या बाजूनं. समोरच्याच्या बाजूनं बघा. ग्लिकोत प्रतिस्पर्ध्याचं विचलन जितकं मोठं तितकं त्या निकालाचं वजन तुमच्यासाठी कमी. विचलन ५० वाल्या जुन्या खेळाडूनं आपल्यासारख्याच मुरलेल्या १५०० ला हरवलं तर ७, पण ३५० विचलनाच्या नव्या १५०० ला हरवलं तर ५ च्या आसपासच. कारण ज्याला हरवलं तो किती भारी होता हेच माहीत नाही. म्हणजे समोरच्यांसाठी नवा खेळाडू बराचसा कच्चा निंबूच असतो, त्याच्याकडून हरलं तरी फार लागत नाही. स्वतःसाठी मात्र त्याचा प्रत्येक डाव जड. आपल्या अंगणातल्या खेळात हेच होतं, धाकट्याला आऊट करून कोणाला मोठेपणा नव्हता.

बुद्धिबळाच्या लायचेस साइटवर तर हे उघडच दाखवतात, विचलन ११० च्या वर असेतोवर रेटिंगपुढे प्रश्नचिन्ह असतं. १५०० आणि पुढे प्रश्नचिन्ह. खामला_चौक, शब्द सापडत नसेल तर ते चिन्ह घ्या.

महालकर
लिंबू. निंबू हा हिंदीचा परिणाम.

गोधनी_नाका
काका, आमची आजी वरुडकडची, तिला हिंदीचं अक्षर येत नव्हतं, ती निंबूच म्हणायची. वऱ्हाडीत निंबू आहे. संस्कृतातही निम्बू आहे ना, तुम्हीच सांगा मग बिघडलं कोण, न म्हणणारे की ल म्हणणारे?

महालकर
निम्बू, निम्बूक संस्कृतात आहे, हे खरं. प्रमाण मराठीत लिंबू रूढ झालं एवढंच म्हणतो. बोलीला चूक म्हणालो नाही.

गोधनी_नाका
'हिंदीचा परिणाम' म्हणालात.

धरमपेठ_गल्ली
बुद्धिबळवाल्यांकडे आधीच जोडी आहे की, मानांकित आणि बिगरमानांकित. इथल्या स्पर्धांच्या पत्रकांवर 'आंतरराष्ट्रीय मानांकन स्पर्धा' छापलेलं असतं. दिव्या देशमुखनं २०२५ मध्ये बातुमीला महिला विश्वचषक जिंकला तेव्हापासून तर नागपुरात घराघरांत हा शब्द गेला आहे. मग 'मानांकन सामने' का नको?

सदर_बझार
कारण टेनिसच्या बातमीत 'अव्वल मानांकित' म्हणजे सीडेड, ड्रॉ काढताना दिलेला क्रम. त्या स्पर्धेपुरतं. आणि त्याच बातमीत खाली 'जागतिक क्रमवारी'. मग बुद्धिबळात मानांकन म्हणजे रेटिंग. एका शब्दावर आधीच दोन ओझी आहेत, तिसरं कशाला.

अंबाझरी_काठ
मानांकनच्या विरोधात मी नाही, पण फिडेचं पहिलं मानांकन आणि गेमची प्लेसमेंट यात फरक आहे. फिडेत किमान ५ डाव मानांकित खेळाडूंशी व्हावे लागतात. मार्च २०२४ पासून त्यात १८०० च्या दोन काल्पनिक खेळाडूंशी बरोबरी धरून हिशोब करतात, म्हणजे थोड्याशा डावांवरून आकडा फार इकडेतिकडे जाऊ नये. पहिल्याच स्पर्धेत शून्य गुण असले तर ती स्पर्धा धरतच नाहीत. त्यानंतरही मोठ्या माणसांना पहिल्या ३० डावांपर्यंत गुणक (एका निकालानं आकडा किती हलेल ते ठरवणारा) ४०, मग २०, आणि एकदा २४०० गाठलं की १०. मुलीचं पहिलं मानांकन आलं तेव्हा घरात आनंद होता, पण त्यानंतरच्या डावांमध्ये ते इतकं खालीवर झालं की तिला समजावून सांगावं लागलं, हे तुझं चुकत नाहीये, आकडाच अजून मुरला नाही. गेम खेळणाऱ्या मुलांना हे कोणी सांगत नाही. पहिली रँक खाली आली की वाटतं आपण तेवढेच. म्हणून मला त्या बटणावरच्या शब्दाची काळजी वाटते. 'निश्चिती' असलेला शब्द तर मुळीच नको, कारण निश्चित काहीच झालेलं नसतं.

इतवारी_सराफा
मुरणे! लोणचं मुरतं, पोट्टा मुरतो. 'न मुरलेली रँक'.

रेशीमबाग_०७
डोटा २ या गेममध्ये २०२३ ला ग्लिको आणलं तेव्हापासून 'रँक कॉन्फिडन्स' म्हणून टक्केवारी दिसते. टक्के कमी तर रँक दिसतच नाही. त्याला 'भरवसा' म्हणता येईल. रँकचा भरवसा. आणि काही महिने खेळलं नाही तर तो भरवसा पुन्हा उतरतो.

खामला_चौक
भरवसा छान आहे पण माझ्या टीमनं तो आकडा दाखवायचं ठरवलेलं नाही. मेनूचं शीर्षक अजून बाकी आहे मंडळी.

गोधनी_नाका
रेशीमबाग, हे उतरण्याचं जरा सांग. म्हणजे दोन वर्षं खेळलेला माणूस सहा महिने थांबून परत आला तर तो पुन्हा कच्चा धरायचा का? त्याला कच्चा म्हणणं मला बरोबर वाटत नाही.

महालकर
कच्चा नाही. पिकलेलं पुन्हा कच्चं होत नाही. त्याला 'शिळी रँक' म्हणा.

रेशीमबाग_०७
शिळी नाही काका, रँक तीच राहते, विचलन वाढते फक्त. परत आल्यावर पहिल्या काही मॅचेसमध्ये आकडा जास्त हलतो आणि मग बसतो. सीझन रिसेटला, म्हणजे नवा हंगाम सुरू होताना, पण बऱ्याच गेम्समध्ये असंच, आतला आकडा पुसत नाहीत, मधाकडे थोडा ओढतात.

महालकर
मग 'सैल'. दोरी तीच, पण सैल झालेली. सैल रँक.

सदर_बझार
सैल चालेल. पण मग नव्याचीही सैलच म्हणा ना, दोन शब्द कशाला, कच्ची वेगळी आणि सैल वेगळी?

गोधनी_नाका
वेगळी कशी नाही? एकाची अजून बांधलीच नाही, दुसऱ्याची बांधून सुटली आहे.